जोनाबेलच्या मांडीचा पूर्ण पत्ता

"जोनाबेल, आज कुठली मांडी?"

हा प्रश्न मी भर कॅन्टीनमध्ये, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात विचारायचा, अशी पैज आयझा आणि मेरिकारने लावली होती. विचारलास तर आमच्या वाटचे तुरोन तुझे. साखरेने चिकट झालेल्या, गरमागरम तळलेल्या केळ्याच्या त्या गुंडाळ्यांसाठी मी प्रिन्सिपलना त्यांच्या टोपाबद्दलसुद्धा विचारीन. आणि खरं सांगायचं तर तुरोन नसते तरी विचारलंच असतं. नववीपर्यंत मी सगळे प्रश्न मनातल्या मनात विचारायचे आणि उत्तरंही तिथेच देऊन टाकायचे. दहावीत आल्यावर काय झालं कोण जाणे, तोंड उघडलं की शब्द बाहेर पडतात आणि मग मीच ते कौतुकाने ऐकत बसते.

तर कॅन्टीन गप्प झालं. जोनाबेल हातात ताट घेऊन उभी. सोमवारी ती डाव्या पायाने लंगडत होती, काल उजव्या, आज सकाळच्या रांगेत पुन्हा डाव्या. तिने मान खाली घालून आपल्या दोन्ही मांड्यांकडे पाहिलं, चष्मा कुठे ठेवला ते आठवत नसल्यासारखं, आणि म्हणाली, "दोन्ही."

कॅन्टीन जे हसलं ते हसलं. जोनाबेलने ताट टेबलावर आपटलं, माझा दंड धरला आणि मला पाण्याच्या टाकीमागे ओढत नेलं. ज्या वेगाने नेलं त्या वेगाने दुखऱ्या मांडीची मुलगी जाऊच शकत नाही. दोन्ही मांड्या दुखत असतील तर नाहीच.

जोनाबेल म्हणजे आमच्या शाळेच्या सेपाक टकरा संघाची स्ट्रायकर. वेताचा चेंडू, मध्ये जाळी, हात लावायचा नाही, आणि ही जाळीपाशी हवेत उलटी होऊन टाचेने असा चेंडू हाणते की पलीकडच्या मुली डोळे मिटून घेतात. संघात तिघी खेळतात आणि चौथी बाकावर बसते. बाकावर मी. टॉवेल माझ्याकडे, पाण्याच्या बाटल्या माझ्याकडे, सगळ्यांचे कानातले माझ्या खिशात. सरावात मी जोनाबेलइतकीच उंच उडते, हे मी नाही, कोच गेमा मॅम म्हणतात. त्या जोनाबेलच्या सख्ख्या आत्या, आणि कौतुक करताना त्यांचा चेहरा दात दुखत असल्यासारखा होतो, त्यामुळे त्या कौतुकाला वजन आहे.

मी खेळत का नाही? तर माझ्या नानायमुळे, म्हणजे आईमुळे.

आमचं घर मांड्यांवर चालतं. ताताय, म्हणजे माझा बाबा, प्लाझाच्या कोपऱ्यावर इनासाल विकतो. कोंबडीची तंगडी मांडीसकट बांबूच्या काडीला टोचायची, कोळशावर धरायची आणि केशरी तेलाचा ब्रश फिरवत राहायचा. गिऱ्हाइकाला तो एकच विचारतो, मांडी की छाती? आणि नानाय अमेरिकेतल्या हॉस्पिटलांसाठी कोडिंग करते. तिकडचा डॉक्टर दुखणं लिहितो, इकडे नानाय घरी बसून ते वाचते आणि त्याला कोड लावते. ती नर्सिंग शिकलेली, पण तिचे सगळे पेशंट पडद्यावरच. गेली काही वर्षं तिच्याकडे हाडं-स्नायूंचा विभाग आहे, त्यामुळे फुटबॉलवाल्यांच्या, नाचणाऱ्यांच्या, बर्फावरून घसरलेल्यांच्या मांड्या रोज तिच्याकडे येतात. कुणाची मांडी कशी फाटू शकते, याची इतकी माहिती असलेल्या बाईची मुलगी हवेत उलटी होते म्हटल्यावर काय होणार. बाकावर बसायला माझी हरकत नाही, असं नानाय म्हणाली. ती गंमत करत नव्हती.

टाकीमागे जोनाबेलने सगळं सांगून टाकलं. मांडीला काही झालेलं नव्हतं. येत्या शनिवारी आमच्या गावचा फिएस्टा, म्हणजे जत्रा. सकाळी मिरवणूक, मिरवणुकीपुढे शाळेचं बँडपथक, आणि पथकाच्या पुढे पांढरे बूट घालून काठी फिरवणारी मुलगी. ती जागा बँडच्या सरांनी जोनाबेलला देऊ केली होती. आणि त्याच सकाळी शेजारच्या गावात प्रांताची टकरा स्पर्धा. जोनाबेल आठ वर्षांची असल्यापासून प्रत्येक फिएस्टाला चेंडू लाथाडत आली आहे. या वर्षी तिला पांढरे बूट हवे होते. पण गेमा मॅमना नाही कोण म्हणणार? म्हणून लंगडणं.

आता इथे मी तिला चार शहाणपणाच्या गोष्टी सांगायला हव्या होत्या. पण माझ्या डोक्यात एकच गोष्ट नाचायला लागली. जोनाबेल नाही, म्हणजे मी.

"तू फार वाईट लंगडतेस," मी म्हटलं. "तुझ्या मांडीला पत्ताच नाही."

कोड म्हणजे पत्ता, असं नानायने मला लहानपणीच समजावलं होतं. पहिली तीन अक्षरं, एस सात सहा, म्हणजे गाव. खुबा आणि मांडीचे स्नायू, त्यांच्या दोऱ्या, सगळं त्या गावात. मग गल्ली: पुढची, आतली की मागची. मग त्या घरात काय झालं: ताणलं की कापलं गेलं. मग दार: उजवं की डावं. आणि सगळ्यांत शेवटी एक अक्षर: उपचार अजून चालू आहेत, की आता नुसतं भरून येतंय, की बरं होऊनही मागे काहीतरी उरलंय. सातही जागा भरल्या की पत्ता पूर्ण. डॉक्टर बाजू लिहायला विसरला तर त्या जागी नऊ येतो. नऊ म्हणजे माहीत नाही. नानायला नऊचा भयंकर राग. पण म्हणून मनाने काही भरायचं नाही. जे लिहिलेलं नाही ते झालेलंच नाही. डॉक्टरने ओपीडीच्या कागदावर 'असावं', 'वाटतं', 'शक्यता आहे' असं लिहिलं, तर नानाय त्या शक्यतेला कोड देत नाही. दुखतंय म्हणतो ना, मग दुखणं लिही. शक्यता लिहायची नसते.

हे सगळं मी जोनाबेलला टाकीमागे शिकवलं. पुढचा स्नायू गेला तर जिना उतरताना कळ येते. आतला गेला तर जीपनीत, आमच्या त्या लांबड्या जीपगाडीत, चढताना, पाय फाकवावा लागतो तेव्हा. मागचा गेला तर बाकावर बसताना आणि बुटाची नाडी बांधायला वाकताना. एक गल्ली निवड आणि मरेपर्यंत तिथेच राहा. तिने मागची निवडली. डावी की उजवी यावर मात्र तिने बराच विचार केला, आणि शेवटी डावी म्हणाली, कारण मिरवणुकीत फोटो उजव्या बाजूने काढतात. त्याचा मांडीशी काय संबंध, हे मला आजही कळलेलं नाही.

दोन दिवस आम्ही तालीम केली. बसताना डावी टाच पुढे सरकवायची. नाडी आयझाने बांधायची. कसं झालं विचारलं तर उडी मारून खाली येताना मागे काहीतरी टचकन झालं म्हणायचं, जास्त रडायचं नाही. आयझा आणि मेरिकार जिन्यावर बसून मार्क देत होत्या. जोनाबेल मूळची हुशार मुलगी, गुरुवारपर्यंत ती इतकी सुरेख लंगडायला लागली की मेरिकारने नकळत तिचं दप्तर उचललं.

गेमा मॅमनी जोनाबेलला पाहिलं, मैदानाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. म्हणाल्या, क्रिझेल, बूट घाल. मी घातले. त्या दुपारी मी असे चेंडू मारले की टाकीवरची कबुतरं दुसऱ्या शाळेत निघून गेली.

पण गेमा मॅम पडल्या नीट काम करणाऱ्या. मला खेळवायचं तर माझ्या आईला विचारायला हवं. आणि माझी आई शिकलेली नर्स, त्यातून मांड्यांतलीच तज्ज्ञ. तर एकाच फेरीत दोन्ही कामं उरकू, असं म्हणून त्यांनी जोनाबेलला ट्रायसिकलमध्ये, म्हणजे मोटरसायकलला जोडलेल्या डब्यात, घातलं, मला मागे बसवलं आणि थेट आमच्या दारात आणलं. वाटेत जोनाबेल मला आरशातून खुणा करत होती. मी तिला बोटांनी दाखवत होते: मागची, ताणली, डावी, उपचार चालू. ट्रायसिकलवाल्याला वाटलं आम्ही लॉटरीचे आकडे लावतोय.

दुपार कलत आली होती. अमेरिकेची रात्र संपेपर्यंत नानायची सकाळ सुरू होत नाही, त्यामुळे ती नुकतीच उठून अंगणातल्या बाकावर कॉफीत पानदेसाल पाव बुडवून खात होती. ताताय तिथेच पाटावर बसून संध्याकाळसाठी कोंबडीच्या तंगड्या काड्यांना टोचत होता. नानायने आधीच सांगून टाकलं की ती डॉक्टर नाही, ती फक्त डॉक्टरांचं लिहिलेलं वाचते, पोरीला आरोग्य केंद्रात न्या. गेमा मॅम म्हणाल्या, नेऊच, पण तू नुसतं ऐकून तर घे.

आता नानायचं ऐकणं ही साधी गोष्ट नाही. डॉक्टरने अर्धवट लिहिलं असेल तर तिला त्याला प्रश्न पाठवावा लागतो, आणि त्या प्रश्नात उत्तर घालायला सक्त मनाई आहे. डावी होती का, असं विचारायचं नाही. कुठली बाजू, एवढंच विचारायचं आणि गप्प बसायचं. ही सवय तिने घरीही आणली आहे. मी उशिरा आले तर इतर आयांसारखं, नदीवर गेली होतीस ना, असं ती विचारत नाही. म्हणजे 'नाही' म्हणायची सोयच नाही. संध्याकाळ कुठे कुठे गेली, असं विचारते आणि कॉफी ढवळत बसते. मग आपण बोलत जातो, बोलत जातो, आणि नदी आपोआप येते.

"काय झालं गं, इंदाय?" तिने जोनाबेलला विचारलं. इंदाय म्हणजे पोरी.

जोनाबेल बाकावर टेकली, डावी टाच पुढे सरकवून, अगदी शिकवल्यासारखी. आणि तिने म्हणून दाखवलं. मांडीच्या मागच्या बाजूचा स्नायू. ताणला गेला, कापलं वगैरे नाही. डावी मांडी. अजून उपचार चालू आहेत. खाली येताना टचकन झालं. एक श्वास, एकही चूक नाही, सगळं क्रमाने. मला वाटलं टाळ्या वाजवाव्यात.

नानायने डोळे मिटले होते. चांगलं गाणं लागलं की मिटते तसे. मग तिने ते उघडले आणि जोनाबेलकडे नाही, माझ्याकडे पाहिलं.

"इतकी वर्षं मी मांड्या वाचतेय," ती म्हणाली. "डॉक्टर बाजू विसरतात. पेशंट म्हणतो इथे कुठेतरी, मग म्हणतो नाही, जरा वर. कुणी सांगतं पाय दुखतो, आणि चार पानांनंतर कळतं तो पाय म्हणजे खुबा. असा पूर्ण पत्ता, एका दमात, एकही नऊ नाही, मी आजवर पाहिलेला नाही." तिने पानदेसालचा तुकडा कॉफीत बुडवला. "ही मांडी लिहिली कुणी?"

तातायचा हात तंगडीतच थांबला. गेमा मॅम एकदा नानायकडे आणि एकदा माझ्याकडे पाहत होत्या. मी अंगणातल्या कलमान्सी लिंबाच्या झाडाकडे पाहायला लागले. त्या झाडात इतकं काय पाहण्यासारखं आहे ते मला त्या दिवशी समजलं.

नानाय मला रागावली असती तर बरं वाटलं असतं. ती पुन्हा जोनाबेलकडे वळली आणि तिने तिच्या पद्धतीचा एक प्रश्न टाकला. उद्या सकाळी उठलीस आणि काहीच दुखत नसलं, तर दिवसभर काय करशील?

"काठी फिरवीन," जोनाबेल म्हणाली. म्हणजे तोंडातून गेलंच. मग तिने दोन्ही हात तोंडावर ठेवले, आणि मग हात काढून सगळं सांगितलं. बँड, पांढरे बूट, फिएस्टा. माझं नाव तिने सर्वांत शेवटी घेतलं, पण घेतलं.

गेमा मॅमचा चेहरा पाहून ताताय उठला आणि त्याने विस्तव पेटवला. कठीण प्रसंगी लोकांना खायला लागतं, असं त्याचं मत आहे.

"मला एक नाही सांगायला तुला अख्खी मांडी मोडावी लागली?" गेमा मॅम म्हणाल्या.

"तिता, तुला कुणी नाही म्हटलं की तुझा चेहरा कसा होतो माहितेय का?" जोनाबेल आत्याला म्हणाली.

"माझा चेहरा जन्मापासून असाच आहे. तुझ्या वडिलांनाही विचार."

गेमा मॅम चिडल्या नव्हत्या, त्यांना लागलं होतं, हे मला तेव्हा कळलं, आणि टाकीमागे मला ते अजिबात सुचलं नव्हतं. तातायने पहिली भाजलेली मांडी त्यांच्या हातात दिली. त्यांनी ती कलमान्सी पिळून, मिरची-व्हिनेगरमध्ये बुडवून, हाडापर्यंत खाल्ली. हाड पानावर ठेवलं आणि म्हणाल्या, फिरव काठी. पण पाडलीस तर मला ओळख दाखवू नकोस. जोनाबेल त्यांच्या गळ्यात पडली. उडी मारून, दोन्ही पायांवर.

म्हणजे तिचं सुटलं. माझं अडकलं. गेमा मॅमनी तोंड पुसलं आणि नानायला म्हणाल्या की आता दोनच मुली उरल्या, तिसरी नाही, उद्या दुपारपर्यंत नावं द्यायची आहेत, नाहीतर संघ काढून घ्यावा लागेल. माझं नाव त्यांनी घेतलं नाही. जिने आत्ताच एक मांडी बनवून आणली तिच्यासाठी आईकडे शब्द कोण टाकणार.

नानाय कप घेऊन आत गेली, कप विसळून बाहेर आली. क्रिझेल बाकावर बसेल, हे आपलं ठरलंय, असं ती म्हणाली. तातायकडे पाहून म्हणाली, म्हणजे मलाच ऐकवत होती. रोज तिच्या पडद्यावर कुणाची तरी सोळा-सतरा वर्षांची मुलगी येते, ती पुढे म्हणाली. अशीच उडी मारलेली असते. मग ती महिनोन् महिने येत राहते, आणि दर खेपेला शेवटचं अक्षर तेवढं बदलतं. स्वतःच्या मुलीचा पत्ता तिला कधी लिहायचा नाही.

पूर्वीची मी असते तर इथे मनातल्या मनात फार सुंदर भाषण केलं असतं. आणि दोन दिवसांपूर्वीची मी असते तर काहीतरी शक्कल लढवली असती, तातायला फितवलं असतं, नाहीतर मेरिकारकडून नानायला फोन करवला असता. पण जोनाबेल समोर नाचत होती. एवढी लंगडली, एवढी पाठांतरं केली, आणि शेवटी तिला पांढरे बूट मिळाले ते एका खऱ्या वाक्याने. दोनच शब्दांच्या.

मी तातायच्या शेजारचा पाट ओढला आणि त्यावर उभी राहिले. उंचीची गरज नव्हती, पण बरं वाटतं.

"नानाय," मी म्हटलं, "माझ्या मांडीला काय झालंय?"

तिने भुवया उंचावल्या. प्रश्नात उत्तर नव्हतं, त्यामुळे तिला नाव ठेवायला जागा नव्हती. काही नाही, ती म्हणाली.

"मग तू दोन वर्षं कशाचा कोड लावून मला बसवलंयस?"

ताताय खोकला. धुराने असेल. गेमा मॅम पानावरच्या हाडाकडे लक्ष देऊन बघायला लागल्या. मला दिसलं की नानाय उत्तर शोधते आहे, नुसतं मला गप्प करायला नाही, खरंच शोधते आहे. ते उत्तर तिनेच मला पाचवीत असताना शिकवलं होतं. तरी मी ते मोठ्याने म्हटलं, कारण दहावीत आल्यापासून मला राहवत नाही. शक्यता लिहायची नसते.

ती बाकावर बसली. तिने माझ्या पायांकडे पाहिलं. ते गुडघ्यापर्यंत धुळीने भरलेले होते.

"आणि खरंच झालं तर?" तिने विचारलं. हळूच विचारलं, कोडिंगवाल्या बाईच्या आवाजात नाही.

मी जोनाबेलकडे पाहिलं, तिने खांदे उडवले. मग मी पाटावरून खाली उतरले, नानायच्या समोर जाऊन बसले, माझी धूळ तिच्या झग्याला लागली, आणि तातायलाही ऐकू जावं म्हणून मी मान वळवून सांगितलं:

"नानाय, ताताय, मी शनिवारी खेळणार आहे. लपवून नाही, तुम्हाला सांगून. गेमा मॅमना माझं नाव मी स्वतः देणार आहे, आत्ता, तुमच्यासमोर. आणि मला खरंच काही झालं, तर मी जाळीपाशीच बसेन आणि सगळ्यांत आधी तुम्हाला हाक मारेन. मला नीट सांगता येणार नाही. इथे कुठेतरी, असंच म्हणेन. त्यावरून समजा की खरं आहे."